बिनसासूचा पदार्थ

न्यू जर्सीतल्या मराठी माणसाचं पंचांग शनिवारच्या आधारानं चालतं. आषाढ अमावास्या मंगळवारी येवो की गुरुवारी, इथली गटारी शनिवारीच असते. पाडव्याचं तेच, कोजागरीचंही तेच. चंद्राला इकडे यायचं असेल तर त्यानं सुट्टी बघून यावं. अर्थात गटारी हा शब्द निमंत्रणात कुठेही नसतो. तिथं ‘समर गेट-टुगेदर’ असं लिहिलेलं असतं. कुणाच्या तरी घरामागच्या हिरवळीवर ते पार पडतं आणि ज्यांनी उभ्या आयुष्यात श्रावण पाळलेला नाही, तीही माणसं ‘आता महिनाभर बंद’ असं म्हणत दुप्पट जेवतात.

निमंत्रण येतं व्हॉट्सॲपवर आणि त्याच्या पाठोपाठ येतो एक तक्ता. कोणी काय आणायचं याचा. हा तक्ता ज्यांना पहिल्या पाच मिनिटांत दिसतो ती माणसं भाग्यवान. कागदाच्या प्लेट्स, बर्फ आणि नॅपकिन ही तिन्ही कलमं तेव्हा मोकळी असतात, आणि वीस-वीस वर्षं इथं काढलेले मुरलेले लोक ती झडप घालून घेतात. अर्ध्या तासानं तक्ता उघडणाऱ्याच्या वाट्याला जोखमीची कामं येतात : कोंबडी-वडे, सुकं मटण, बांगड्याचं तिखलं, सोलकढी.

जोखीम पदार्थ करण्यात नाही, खाणाऱ्यांत आहे. त्या हिरवळीवर जमलेल्या प्रत्येकाच्या डोक्यात प्रत्येक मराठी पदार्थाची एक मूळ प्रत असते आणि ती त्याच्या आईनं तयार केलेली असते. आपण नेतो ती झेरॉक्स. मग एकेक घास घेऊन मूळ प्रतीशी ताडून पाहण्याचं काम सुरू होतं. निकाल नेहमी ‘छान झालंय’ या शब्दांनीच सुरू होतो, पण त्यानंतर एक छोटासा थांबा येतो आणि त्या थांब्यात करणाऱ्याचा जीव टांगलेला असतो. “छान झालेत हं वडे. आमच्याकडे पिठात बडीशेप नाही घालत.” “सोलकढी मस्तच. नारळ डब्यातला ना?” “मटण उत्तम. फक्त आमची आई खोबरं जरा जास्त भाजायची.” कोणी वाईट बोलत नाही. वाईट बोलले असते तर भांडता तरी आलं असतं.

माझी बायको नागपूरची आणि आमचं घर मालवणकडचं. नागपूरच्या सुनेनं मालवणी माशाचं कालवण करून ते वीस कोकणी माणसांपुढे ठेवणं याला शौर्य म्हणता येईल, शहाणपण म्हणता येणार नाही. तिनं दोन-तीन उन्हाळे ते शौर्य गाजवलं आणि मग एके वर्षी तक्त्यातल्या ‘अपेटायझर’ या रिकाम्या चौकोनात शांतपणे लिहिलं : ‘कोल्ड सीफूड स्टफ्ड शेल्स’. म्हणजे शिंपल्याच्या आकाराचा मोठा पास्ता उकडायचा, गार करायचा, त्यात कोळंबी-खेकड्याचं थंड सारण भरायचं आणि थंडच वाढायचं.

मी विचारलं, “हे का?”

ती म्हणाली, “हे कुणाच्याच आईनं केलेलं नाही.”

सगळं मर्म त्या एका वाक्यात होतं. पुरणपोळीला सासू आहे, वरणफळांना सासू आहे, साध्या पोह्यांना तर पुणे, इंदूर आणि नागपूर अशा तीन सासवा आहेत. हा पदार्थ मात्र निराधार होता. तो कसा असावा हे सांगायला जगात कोणी शिल्लक नव्हतं.

पूर्णपणे निराधार होता असंही नाही. न्यू जर्सीत इटालियन वंशाची वस्ती भरपूर आणि त्यांच्या घरी गरम भरलेले शेल्स होतात : आत रिकोटा चीज, वरून टोमॅटोचा रस्सा, मग भट्टीत भाजून. त्या पदार्थाला आजी आहे. तिला ते नोना म्हणतात आणि आमच्या शेजाऱ्याच्या बोलण्यावरून ती कुठल्याही मालवणी सासूला जड गेली असती. पण माशाबरोबर चीज हे त्या आजीला सहसा खपत नाही. मेयोनेज घातलेला, फ्रिजमधून काढलेला, खेकडा भरलेला शेल तिच्यापुढे ठेवला तर ती तो आपल्या घराण्यातला आहे हे सरळ नाकारेल. म्हणजे इटलीकडूनही धोका नाही. थंड शेल्स हे अस्सल अमेरिकन पार्टीचं लेकरू. एका हातात ग्लास धरून उभ्या उभ्या खायच्या पदार्थांची इथं इतकी मोठी परंपरा आहे की जेम्स बिअर्ड या नामांकित अमेरिकन पाककाराचं १९४० साली आलेलं पहिलंच पुस्तक केवळ अशा चटकमटक घासांवर होतं. बसून जेवणाऱ्या माणसाला तक्रारी सुचतात. उभा माणूस तोल सांभाळण्यात गुंतलेला असतो.

बायकोचा बेत निर्दोष होता. फक्त त्या वर्षी सहा महिन्यांच्या मुक्कामाला माझी आई आली होती.

आईचं आयुष्य समुद्रापासून हाकेच्या अंतरावर गेलेलं. कोकणात जून-जुलै म्हणजे मासेमारी बंद. १ जून ते ३१ जुलै असे ६१ दिवस यांत्रिक बोटी किनाऱ्याला लागलेल्या असतात, मासळीचा तो विणीचा काळ. त्या दिवसांत घरात सोडे, सुकट, सुके बांगडे यांच्यावर भागवायचं आणि नारळी पौर्णिमेकडे डोळे लावून बसायचं. त्यामुळे ऐन जुलैत दुकानातल्या बर्फावर आडवी झालेली मासळी पाहून तिला आनंद होण्याऐवजी संशय आला. ह्या लोकांनी समुद्राला सुट्टी दिलेली नाही, एवढं तिच्या लगेच ध्यानात आलं.

आम्ही खेकडा घ्यायला गेलो होतो. खरा खेकडा म्हणजे इथला निळ्या पायांचा चेसापीकचा खेकडा. त्याचं सोललेलं मांस छोट्याशा डब्यात मिळतं. एकेका खेकड्यातून बोटभर मांस हातानं वेचून काढलेलं असतं, त्यामुळे डब्यावरची किंमत वाचताना माणूस आवाज खाली आणतो. बायकोनं तो डबा आदरानं जागेवर ठेवला आणि शेजारची पाकिटं उचलली. पांढऱ्या पट्ट्या, एका बाजूला तांबडा रंग, वर लिहिलेलं ‘इमिटेशन क्रॅब’.

आईनं पाकीट हातात घेऊन उलटंपालटं केलं. “काय गो ह्या?”

“खेकडा, आई.”

“ह्येचे पाय खंय गेले?”

पाय गेले नव्हते, ते मुळात नव्हतेच. बेरिंग समुद्राच्या गार पाण्यात अलास्का पोलॉक नावाचा पांढरा मासा मिळतो. त्याचं मांस धूत राहायचं, धूत राहायचं, त्याचा वास, चव, रंग जाईपर्यंत धुवायचं. जो चिकट पांढरा गोळा उरतो त्याला जपानी लोक सुरिमी म्हणतात. त्यात पिष्ट, अंड्याचं पांढरं, मीठ, साखर आणि खेकड्याचा स्वाद घालून पट्ट्या काढायच्या आणि अंगावर तांबडा रंग चढवायचा. १९७०च्या दशकात जपाननं हा खेकडा बाजारात आणला आणि त्यानं जग जिंकलं. मी हे सगळं आईला समजावून सांगितलं. ती म्हणाली, म्हणजे आधी माशाची चव घालवायची आणि मग पैसे देऊन दुसऱ्याची चव आणायची?

माझ्याकडे याला उत्तर नव्हतं. मग मलाच आमचा दशावतार आठवला. रात्री अकराला लुगडं नेसून रंगमंचावर आलेला गडी पहाटेपर्यंत अशी काही राणी होतो की त्याला दिवसा सायकलवरून जाताना पाहिलेली बाईसुद्धा त्याच्या दुःखानं डोळे पुसते. तसाच हा पोलॉक. आईला हे पटलं. तिनं पाकीट पुन्हा एकदा न्याहाळलं आणि निर्णय दिला, “सोंग बरा आसा.” मात्र सोंगाचं पोट सोंगानंच भरू नये म्हणून तिच्या आग्रहावरून खऱ्या मांसाचा एक छोटा डबा टोपलीत आलाच. त्यातला स्वस्त डबा निवडला तर तो इंडोनेशियाचा निघाला.

कोळंबीच्या फ्रीजरपाशी आणखी वेळ गेला. तिथल्या पिशव्यांवर ३१/४०, २१/२५ असे आकडे असतात. पाहणाऱ्याला ते घटक चाचणीतले गुण वाटतात. ते सांगतात एका पौंडात, म्हणजे साधारण साडेचारशे ग्रॅममध्ये, किती कोळंब्या बसतात ते. आकडा जितका लहान तितकी कोळंबी मोठी, आणि बिल कोळंबीहून मोठं. आईला ही पद्धत आवडली. आपल्याकडे वाटा लावणारी कोळीण वर चार मोठ्या ठेवते आणि खाली बारक्या लपवते, इथं निदान फसवणुकीचा आकडा छापलेला आहे, असं तिचं मत पडलं.

मग तिला पिशवीच्या कोपऱ्यातली बारीक अक्षरं वाचून दाखवली : प्रॉडक्ट ऑफ इंडिया. ती चकित झाली. ही व्हॅनामी जातीची कोळंबी. मूळची मेक्सिकोपासून पेरूपर्यंतच्या पॅसिफिक किनाऱ्यावरची. २००९ साली भारतात तिच्या शेतीला परवानगी मिळाली आणि आंध्रच्या तळ्यांत ती अशी काही रमली की गेली कित्येक वर्षं अमेरिकेत बाहेरून येणाऱ्या कोळंबीत सर्वांत मोठा वाटा भारताचा आहे. आंध्रात वाढून न्यू जर्सीत स्थिरावण्याची वाट आता फक्त सॉफ्टवेअरवाल्यांची राहिलेली नाही. फरक इतकाच, की कोळंबीला येण्यापूर्वी डोकं काढून ठेवावं लागतं. आईला त्याचंच वाईट वाटलं. “डोकी टाकतत? मगे सार कशाचा करतत?”

शेवटचा थांबा मसाल्याचा. अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर खेकडा म्हटलं की ‘ओल्ड बे’ नावाचा पिवळा डबा निघतो. त्याची गोष्ट मात्र मी आईला मनापासून सांगितली. गुस्टाव ब्रून हा जर्मनीतला ज्यू मसालेवाला. १९३८च्या नोव्हेंबरात नाझींनी त्याला पकडून बुखेनवाल्डच्या छळछावणीत टाकलं. तिथून सुटून तो बायकोपोरांसह अमेरिकेत बाल्टिमोरला पोहोचला आणि १९३९ साली त्यानं पुन्हा आपला मसाल्याचा धंदा मांडला. समोर चेसापीकचा उपसागर, गावभर खेकडे, आणि ते खाणाऱ्यांना धड मसाला नाही. त्यानं १८ मसाल्यांचं एक मिश्रण बसवलं आणि त्याला त्या उपसागरातून जाणाऱ्या एका आगबोटीच्या कंपनीचं नाव दिलं. आज खेकडा, बटाट्याच्या काचऱ्या, मक्याचं कणीस, सगळ्यावर तिथले लोक तो भुरभुरवतात. आई गप्प ऐकत होती. तिनं झाकण उघडून वास घेतला, मिरी ओळखली आणि डबा नीट लावून टोपलीत ठेवला. घर सुटलं तरी मसाल्याचं प्रमाण डोक्यात घेऊन निघालेल्या माणसाबद्दल तिला काही समजावून सांगावं लागलं नाही.

शेपूची जुडी तिनं स्वतःच वासावरून ओळखली. शेपूची भाजी पानात पडली की लहानपणी मी जे जे काही करत असे, ते तिनं भर दुकानात सुनेला सांगितलं. इथं तोच शेपू चार काड्या करून प्लास्टिकच्या पेटीत बसतो, तेव्हा लोक त्याला ‘फ्रेश डिल’ म्हणून हुंगतात आणि डोळे मिटतात.

शुक्रवारी रात्री प्रत्यक्ष काम सुरू झालं. आईनं स्वयंपाकघरात खुर्ची टाकली आणि मदत करणार नाही हे आधीच जाहीर केलं. तिची भूमिका संयुक्त राष्ट्रसंघाच्या निरीक्षकाची होती.

शेल्सचा खोका ३४० ग्रॅमचा. त्यात निघतात तीन डझनांच्या आसपास, आणि त्यातले काही दुकानातच फुटलेले असतात. उकळत्या पाण्यात आणखी काही फाटतात. ज्याला चाळीस माणसांना एकेक द्यायचा आहे त्यानं दोन खोके आणावेत, आणि फाटके शेल संपवायला घरात एक नवरा असावा. दुसरी गोष्ट शिजवण्याची. पास्ता दाताला थोडा कच्चा लागला पाहिजे ही इटलीची शिकवण गरम पास्त्यापुरती. शिजलेलं पिष्ट गार झालं की पुन्हा आवळतं. फ्रिजमधला शिळा भात टणक होतो तो त्यामुळेच. थंड खायचा पास्ता म्हणून मिनिट-दोन मिनिटं जास्त शिजवावा लागतो, नाहीतर दुसऱ्या दिवशी पाहुण्यांना खराखुरा शिंपला चावल्याचा अनुभव येतो. शिजल्यावर लगेच गार पाण्याखाली धुवायचा, तेलाचा हात फिरवायचा आणि ताटात पालथा घालायचा, म्हणजे एकमेकांना चिकटत नाही.

आईनं एक शेल उचलून वाकवून पाहिला. गहू चांगला आहे, बन्शीसारखा, असं म्हणाली. ते बरोबरच होतं, बन्शी आणि पास्त्याचा गहू एकाच जातीचे. पुढे तिनं असंही सुचवलं की यात गूळ घातलेला नारळाचा रस ओतला तर शिरवाळ्यांची कसर भरून निघेल, आणि ती कोळंबी वेगळी तळता येईल. बायकोनं निरीक्षकाच्या सूचनेची नोंद घेतली.

सारणाचा खरा वैरी पाणी. गोठवलेली कोळंबी वितळताना पाणी सोडते, सुरिमी पाणी सोडते, सेलरीच्या काड्या मीठ लागताच पाणी सोडतात. हे सगळं पिळून, टिपून कोरडं केलं नाही तर सकाळी शेल होडीसारखे नुसते तरंगायचे बाकी राहतात. बायकोनं कोळंबी बारीक चिरली, सुरिमीच्या पट्ट्या कुसकरल्या, खरा खेकडा हलक्या हातानं मिसळला. मग क्रीम चीज, मेयोनेज, लिंबू, मोहरीची पेस्ट, कांद्याची पात, शेपू आणि गुस्टाव ब्रूनचा मसाला. चमचाभर सारण निरीक्षकांपुढे आलं.

“मीठ जास्त.”

“आई, थंड झाल्यावर कमी लागेल.”

आई हसली. मीठ ही वस्तू एकदा पडली की पडली, ती थंडीला घाबरून पळून जात नाही, हा तिचा साठ वर्षांचा अनुभव. पण थंड घासाची चव जिभेवर मंद उमटते. वितळलेलं आइस्क्रीम चाखलं तर ते किती बेसुमार गोड आहे ते कळतं. फ्रिजमधून काढून खायच्या पदार्थात मीठ-मसाला म्हणून एक पाऊल पुढे घालायचा असतो. झोपण्यापूर्वी तेच सारण थंडगार करून पुन्हा चमचाभर तिच्यापुढे ठेवलं. आईनं ते बराच वेळ तोंडात घोळवलं.

“मीठ कमी आसा,” ती म्हणाली.

“तिकडे असंच असतं, आई,” असं म्हणायची बायकोला सवय आहे. “तिकडे” म्हणजे नागपूर. या वेळी ती म्हणाली, “इकडे असंच असतं.” आणि आश्चर्य म्हणजे विषय संपला. नागपूरला असंच असतं हे आईनं आजवर कधी मान्य केलेलं नाही.

शनिवारी सकाळी प्लास्टिकच्या पिशवीत सारण भरून, कोपरा कापून एकेक शेल भरला. खाली लेट्युसची पानं अंथरली, ती शोभेसाठी नसतात. गोल बुडाचे शेल गाडीच्या पहिल्याच वळणावर लवंडतात, त्यांना धरून ठेवायला असतात. त्याखाली बर्फाचं ताट. शाकाहाऱ्यांसाठी वेगळा ट्रे : कुस्करलेले छोले आणि बिनअंड्याचं मेयोनेज. दोन ट्रे ओळखू यावेत म्हणून बायकोनं भारतातल्या पाकिटांवरच्या खुणा मार्करनं काढल्या. एकावर हिरवा ठिपका, दुसऱ्यावर तपकिरी त्रिकोण. भारत सोडून फार वर्षं झालेल्यांना तो त्रिकोण नवा होता. त्यांच्या काळी तिथंही ठिपकाच असे. त्यामुळे निम्म्या लोकांनी त्याचा अर्थ ‘जास्त तिखट’ असा घेतला आणि त्याच ट्रेपाशी गर्दी केली.

शिवाय एक चिठ्ठी. अमेरिकेत पाकिटांवर जाहीर करावेच लागतात असे नऊ ॲलर्जीकारक पदार्थ कायद्यानं ठरवलेले आहेत. आमच्या एका शेलमध्ये त्यातले पाच नांदत होते : गहू, दूध, अंडं, मासा आणि कोळंबी-खेकडा. चिठ्ठी वाचून एक काका म्हणाले, “खाण्याचा पदार्थ आहे की प्रतिज्ञापत्र?” आणि दोन उचलले.

खरा खेळ त्यानंतरचा. हा शेल चांगला दोन इंच लांब. एका घासात मावत नाही आणि दोन घासांत खाल्ला तर दुसऱ्या घासापर्यंत आतला माल जागेवर राहत नाही. त्यामुळे पार्टीत आपोआप पंथ पडतात. पहिला एकघाशी पंथ. हे बेधडक लोक, शेल अख्खा तोंडात टाकतात आणि पुढचं पाऊण मिनिट कुठल्याही प्रश्नाला फक्त भुवयांनी उत्तर देतात. नेमकं त्याच वेळी त्यांना कोणीतरी विचारतं, “मग ग्रीन कार्डाचं कुठवर आलंय?” दुसरा दोनघाशी पंथ. हे लोक कमरेत वाकून, डावा हात हनुवटीखाली धरून खातात आणि डाव्या हातातला ग्लास कुठं ठेवायचा हे त्यांच्या घास घेतल्यावर लक्षात येतं. तिसरे काटेवाले. ते प्लेटमध्ये शेल ठेवून काट्यानं त्याचे तुकडे करू पाहतात, शेल निसटतो आणि शेजारच्याच्या सुक्या मटणात जाऊन पडतो. चौथे सगळ्यांत सुखी : ते आतलं सारण बोटानं चाटून खातात आणि रिकामा शेल लेट्युसखाली सरकवून देतात. ट्रे उचलताना असे बरेच पुरावे सापडतात. मुलं आणि पंचाहत्तरीपुढचे आजोबा बहुतेक याच पंथाचे.

वर घड्याळ चालू असतं. नाशवंत अन्न बाहेर दोन तासांहून जास्त ठेवू नये, आणि हवा ९० फॅरनहाइटच्या, म्हणजे ३२ सेल्सिअसच्या वर गेली तर एकाच तासात उचलावं, असा इथला सरकारी नियम. जुलैतली हिरवळ, ऊन रणरणतं. बायकोनं फोनवर तासाचा गजर लावला. आई हे पाहत होती. माशाचं कालवण दुसऱ्या दिवशी सकाळी मुरून खरं लागतं असं मानणाऱ्या घराण्यातली ती. दोन दिवस खपून केलेला आणि साठ मिनिटांत मुदत संपणारा पदार्थ तिनं पहिल्यांदाच पाहिला.

पण तिचं लक्ष दुसरीकडे होतं. ती खाणाऱ्यांची तोंडं पाहत होती. कोंबडी-वड्यांच्या ट्रेभोवती मूळ प्रतीशी ताडून पाहण्याचं काम जोरात चाललं होतं. बडीशेपेचा मुद्दा निघाला, वड्याच्या जाडीवर दोन तालुक्यांत मतभेद झाले, करणारी बिचारी हातात टिश्यू घेऊन खुलासे देत उभी होती. शेल्सच्या ट्रेपाशी मात्र सभ्य शांतता. ज्या काकूंनी आजवर पाण्याच्या बाटलीतसुद्धा खोट काढलेली आहे, त्या आल्या. एक शेल उचलला. खाल्ला. “छान झालंय,” त्या म्हणाल्या. थांबा आला. आम्ही दोघं श्वास रोखून. “आमच्याकडे...” त्यांनी सुरुवात केली आणि वाक्य तिथंच अडलं. त्यांच्याकडे यात काय घालतात हे त्यांना आठवेना, कारण त्यांच्याकडे हे नव्हतंच. त्यांनी आणखी एक शेल उचलला, जणू त्यात उरलेलं वाक्य सापडेल. तेही सापडलं नाही. शेवटी त्यांनी, इतक्या वर्षांत प्रथमच, कृती विचारली.

गजर व्हायच्या आत ट्रे रिकामा झाला. कोणाला तो फार आवडला होता, कोणाला बेताचा आणि काहींना अजिबात नाही, हे लेट्युसखाली पाहून कळलं. पण बोलायला कुणाकडेच काही नव्हतं. वाईट कसा हे सांगायला चांगला कसा ते ठाऊक असावं लागतं.

घरी परतताना आईनं गाडीत मागच्या सीटवरून विचारलं, “कोणीच काय बोलूक नाय?”

“नाही आई,” बायको म्हणाली.

“मीठ कमी आसा, म्हणून पण नाय?”

“नाही.”

आई बराच वेळ खिडकीबाहेर पाहत राहिली. तिला तीन नणंदा आहेत. तिघीही मासे करण्यात पट्टीच्या, तिघीही माहेरपणाला तिच्याच घरी येतात आणि लग्नाला पन्नास वर्षं झाली तरी प्रत्येक जेवणानंतर ‘आमची आई कशी करायची’ या विषयावर तिची तोंडी परीक्षा घेतात. हे आम्हाला ठाऊक होतं. तिच्या परतीच्या बॅगेत कपड्यांच्या घड्यांमध्ये शेल्सचे दोन खोके आणि एक पिवळा डबा दिसला, तेव्हा मात्र आम्ही काही विचारलं नाही.

दिवाळीनंतर एका दुपारी व्हिडिओ कॉल आला. आईच्या ओटीवर तिन्ही आत्या ओळीनं बसलेल्या, मधोमध स्टीलचं मोठं ताट, त्यात केळीच्या पानावर मांडलेले शेल्स. आत खरीखुरी कुर्ली, पायांसकट वेचून काढलेली. तिघींच्याही तोंडात घास होता आणि तिघींच्याही कपाळावर आठ्या. चुकलंय काहीतरी हे तिघींना कळत होतं, काय चुकलंय ते सांगता येत नव्हतं. अखेर थोरल्या आत्यानं धीर केला.

“वहिनी, छान झाला हा. पण वायच गरम करून हाडू काय?”

“अजिबात नको,” आई पदर खोचत म्हणाली. “ह्या थंडच खातत. तुमका काय ठावक!”